फेब्रुवारीतला एक दिवस डेमन कीथ यांच्यासाठी

प्रति,
मिशिगनमधल्या मराठी मंडळांची कार्यकारिणी आणि रविवारच्या मराठी शाळांचे शिक्षक

स. न. वि. वि.

पत्रास कारण की, पुढच्या वर्षाच्या कार्यक्रमांची जुळवाजुळव आता सुरू होईल. संक्रांत, पाडवा, गणपती, दिवाळी ठरलेलीच. मधल्या महिन्यांत एखादं नाटक, एखादी गाण्यांची मैफल, करविषयक सल्ला, व्हिसाच्या अडचणींवर वकिलाशी प्रश्नोत्तरं. या सगळ्यात फेब्रुवारीतला एक दिवस न्यायमूर्ती डेमन कीथ यांच्यासाठी ठेवावा, अशी माझी मागणी आहे. नक्की काय करायचं ते शेवटी लिहितो. आधी हा माणूस कोण, आणि नोव्हाय-ट्रॉय-कँटनमध्ये राहणाऱ्या मराठी माणसाचा त्याच्याशी काय संबंध, हे सांगायला हवं.

नाव ओळखीचं नसेल तर त्यात नवल नाही. सर्वोच्च न्यायालयाचे नऊ न्यायाधीश टीव्हीवर दिसतात, त्यांच्या नेमणुकांवरून भांडणं होतात. त्यांच्या एक पायरी खाली अपील न्यायालयं असतात, त्यांच्याकडे कुणाचं लक्ष जात नाही. मिशिगन, ओहायो, केंटकी आणि टेनेसी ही चार राज्यं मिळून ‘सहावं सर्किट’ होतं. त्याचं मुख्यालय सिनसिनाटीत. तीन न्यायाधीश बसतात, खालच्या न्यायालयाची कागदपत्रं वाचतात, वकिलांना थोडका वेळ देतात आणि लेखी निकाल देतात. साक्षीदार नाहीत, ज्युरी नाही, नाट्य तर अजिबात नाही. पण सर्वोच्च न्यायालय हल्ली वर्षाला जेमतेम साठेक खटले ऐकतं. म्हणजे बाकी सगळ्यांसाठी या तिघांचा शब्द तोच शेवटचा. एच-वन-बीपासून ग्रीन कार्डापर्यंत आपल्या डोक्याला ताप देणारे किती तरी प्रश्न भांडत भांडत वर गेले, तर इथेच येऊन थांबतात.

या न्यायालयावर कीथ १९७७ पासून २०१९ मध्ये मृत्यू येईपर्यंत होते. त्याआधी दहा वर्षं ते डेट्रॉइटच्या जिल्हा न्यायालयात होते.

त्यांचा जन्म ४ जुलै १९२२ चा, डेट्रॉइटमधलाच. वडील पेरी कीथ जॉर्जियातून पोटासाठी इकडे आले आणि फोर्डच्या रूज कारखान्यात लागले. डिअरबॉर्नला आपल्यापैकी कितीजण त्याच कंपनीचा बिल्ला गळ्यात घालून जातात, ते मोजत नाही. फरक इतकाच की आपण पुण्या-नाशिकहून डिग्री घेऊन एअर कंडिशन्ड इमारतीत आलो आणि पेरी कीथ कारखान्यात घाम गाळायला आले. सहा मुलांतला डेमन सगळ्यांत धाकटा. वेस्ट व्हर्जिनियातल्या एका कृष्णवर्णीय कॉलेजातून १९४३ मध्ये पदवीधर झाला, लगेच सैन्यात भरती. तेव्हाचं अमेरिकन सैन्य काळ्या-गोऱ्यांच्या वेगळ्या पलटणींचं. हिटलरच्या वंशवादाशी लढायला निघालेल्या देशाने स्वतःच्या सैनिकांच्या पलटणी रंगाने वेगळ्या ठेवल्या होत्या, आणि त्याचं कुणाला फारसं काही वाटत नव्हतं.

युद्धानंतर ते हॉवर्ड विद्यापीठात कायदा शिकायला गेले. तिथे कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी लढणारे वकील थर्गुड मार्शल सर्वोच्च न्यायालयातल्या युक्तिवादांची रंगीत तालीम करत, विद्यार्थ्यांसमोर. विद्यार्थी ते ऐकत, प्राध्यापक आडवेतिडवे प्रश्न विचारून मार्शलना पिळून काढत. कीथ शेवटपर्यंत सांगत की न्यायालयाच्या दारावर कोरलेल्या ‘कायद्यापुढे समान न्याय’ या शब्दांना गोऱ्यांनाच जागायला लावा, ही शिकवण तिथली. १९४९ मध्ये पदवी घेऊन ते डेट्रॉइटला परतले आणि वकिलीच्या परीक्षेचा अभ्यास करता करता एका वर्तमानपत्राच्या कचेरीत झाडलोट करायची नोकरी धरली. मुतारी पुसून झाल्यावर कायद्याचा शब्दकोश वाचत बसले असताना एका गोऱ्या वार्ताहराने विचारलं, काय व्हायचंय? वकील, म्हटल्यावर त्याने ऐकवलं की काळा वकील म्हणे, त्यापेक्षा लादी पुसत राहा. हा किस्सा कीथ पुढे हसत सांगत. मला मात्र तो वाचताना हसू येत नाही.

१९६७ च्या जुलैत वांशिक दंगलीत डेट्रॉइट पेटलं. ४३ माणसं गेली. त्याच शरद ऋतूत राष्ट्राध्यक्ष जॉन्सन यांनी कीथ यांना जिल्हा न्यायाधीश नेमलं. शहराची राख अजून निवायची होती.

आता ज्या खटल्यामुळे कायद्याच्या प्रत्येक विद्यार्थ्याला हे नाव घोकावं लागतं, त्याकडे येतो. १९६८ मध्ये अ‍ॅन आर्बरच्या मेन स्ट्रीटवर सीआयएच्या भरतीच्या कचेरीत स्फोट झाला. ‘व्हाइट पँथर’ नावाच्या एका डाव्या टोळक्यातल्या तिघांवर खटला भरला गेला. तो कीथ यांच्यापुढे आला. आरोपींच्या वकिलांनी विचारलं, आमच्या अशिलाचे फोन ऐकलेत का? सरकारने कबूल केलं की एका आरोपीचं बोलणं ध्वनिमुद्रित झालं आहे, आणि त्यासाठी कुठल्याही न्यायाधीशाचा वॉरंट घेतलेला नाही. अ‍ॅटर्नी जनरल जॉन मिचेल यांचं म्हणणं असं की देशाच्या सुरक्षेचा प्रश्न असला की राष्ट्राध्यक्षांना हा अधिकार आपोआपच असतो, न्यायालयाला विचारायचं कारण नाही.

कीथ यांनी जानेवारी १९७१ मध्ये निकाल दिला की असा अधिकार नाही. देशातल्या नागरिकाचं बोलणं चोरून ऐकायचं असेल तर आधी न्यायाधीशाकडे जा, कारण दाखवा, वॉरंट घ्या. राज्यघटनेची चौथी दुरुस्ती राष्ट्राध्यक्षालाही लागू आहे. आणि जे ऐकलंत ते आरोपीच्या हाती द्या.

सरकारने मग काय करावं? थेट न्यायालयाविरुद्धच दाद मागितली, प्रतिवादी म्हणून न्यायाधीश डेमन कीथ यांचं नाव घालून. केंद्र सरकार एका बाजूला आणि जिल्हा न्यायाधीश दुसऱ्या बाजूला! न्यायाधीशालाच वकील शोधायची वेळ आली. सहाव्या सर्किटने कीथ यांच्या बाजूने कौल दिला आणि १९ जून १९७२ रोजी सर्वोच्च न्यायालयानेही, आठ विरुद्ध शून्य मतांनी. नववे न्यायाधीश रेह्नक्विस्ट आधी राष्ट्राध्यक्ष निक्सन यांच्या सरकारात असल्यामुळे बाजूला राहिले. निकाल लिहिला लुईस पॉवेल यांनी. त्यांना निक्सन यांनीच नेमलं होतं, हे मुद्दाम सांगतो, कारण पुढे मला ते लागणार आहे. योगायोग असा की विरोधी पक्षाच्या कचेरीतली वॉटरगेटची घरफोडी त्याच्या दोनच दिवस आधी, १७ जूनला पकडली गेली होती. बोलणं चोरून ऐकायची चटक त्या सरकारला किती लागली होती, ते देशाला नंतर कळलं. पॉवेल यांनी परकीय हेरांचा प्रश्न मुद्दाम खुला ठेवला होता. त्यातून १९७८ चा परकीय पाळतीचा कायदा आला आणि त्यासाठी वेगळं न्यायालय आलं. ते न्यायालय फार नकार देत नाही अशी टीका होते, ती मला रास्त वाटते. तरी विचारायला कुणीतरी आहे.

इथे जरा आडवळण घेतो. भारतात आजही फोन ऐकायची परवानगी न्यायाधीश देत नाही, गृह खात्याचा सचिव देतो आणि तिचा फेरविचार करणारी समितीही सचिवांचीच असते. १९९६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने काही बंधनं घातली. ऑक्टोबर २०१९ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने एका प्रकरणातले फोन ऐकण्याचे आदेश रद्द केले आणि मिळालेलं ध्वनिमुद्रण नष्ट करायला सांगितलं. चांगलं झालं, पण तोवर ऐकून झालेलं होतं. आधी विचारणं आणि नंतर चूक काढणं यातलं अंतर कीथ यांनी अठ्ठेचाळिसाव्या वर्षी, नोकरीत नवखे असताना ओळखलं. घरी फोन लावताना ‘हे फोनवर नको’ असं एकमेकांना सांगणाऱ्या आपल्या पिढीला तरी ते समजावून द्यावं लागू नये.

दुसरा खटला आपल्या आणखी जवळचा आहे. नवरात्रात आपण पाँटियॅकच्या पराशक्ती मंदिरात जातो. जाताना वाटेत गाव कसं आहे ते काचेतून दिसतं आणि आपण गाडीची दारं लॉक आहेत ना ते बघतो. खोटं का बोला? त्या पाँटियॅकमध्ये शाळांची वाटणी काळ्या-गोऱ्यांत झालेली होती. दक्षिणेत कायद्यानेच वेगळ्या शाळा होत्या. इथे तसा कायदा नव्हता. इथे नकाशा होता. शाळा कुठे बांधायची, कुठल्या गल्लीतली मुलं कुठे घालायची, हे शिक्षण मंडळ अशा खुबीने ठरवत गेलं की काळी मुलं एकीकडे आणि गोरी दुसरीकडे. मंडळ म्हणे, आम्ही काय करणार, लोक राहतातच तसे. कीथ यांनी १९७० मध्ये निकाल दिला की ही सबब चालणार नाही, हे तुम्ही केलं आहे, तुम्हीच निस्तरा. मुलांना बसने एकमेकांच्या शाळांत नेण्याचा आराखडा ठरला. ३० ऑगस्ट १९७१ च्या रात्री, शाळा उघडायला काही दिवस असताना, आगारात उभ्या असलेल्या दहा स्कूल बस डायनामाइटने उडवण्यात आल्या. बस रिकाम्या होत्या म्हणून कुणी मेलं नाही. कू क्लक्स क्लॅन या गोऱ्या वर्चस्ववाद्यांच्या संघटनेतल्या माणसांना त्याबद्दल शिक्षा झाली, त्यात त्यांचा मिशिगनचा माजी म्होरक्याही होता. कीथ यांना धमक्या आल्या. बस मात्र सुरू झाल्या.

पुढचं अप्रिय आहे, पण लिहितो. गोरी कुटुंबं गाव सोडून गेली, जवळच्याच उपनगरांत. आणि १९७४ मध्ये डेट्रॉइटच्या एका वेगळ्या खटल्यात, जो कीथ यांच्यापुढचा नव्हता, सर्वोच्च न्यायालयाने पाच विरुद्ध चार मतांनी सांगितलं की शहराच्या शाळांतला भेद मोडायला उपनगरांच्या शाळांना भाग पाडता येणार नाही. झालं. शाळा-जिल्ह्याची हद्द म्हणजे कुंपण ठरलं. आता आठवा, इथे घर घेताना आपण सगळ्यांत आधी काय बघतो? शाळेचं रेटिंग. रस्त्याच्या अलीकडे घर मिळालं तर अमुक जिल्हा, पलीकडे तमुक. दोन्हींच्या किमतीतला फरक दलाल बोटावर सांगतो. मंडळाच्या व्हॉट्सअ‍ॅप गटावर नव्याने आलेल्यांना दिला जाणारा पहिला सल्लाही हाच. मुलांना चांगली शाळा हवी यात गैर काही नाही, मीही तेच केलं. पण या रेषा नदी-डोंगरासारख्या आपोआप पडलेल्या नाहीत, इतकं तरी आपल्या मुलांना माहीत असावं. त्या कुंपणाच्या आतल्या सावलीत आपण बसलो आहोत.

हॅमट्रॅमकबद्दल थोडक्यात. मासळीला आणि बिर्याणीला आपण तिथल्या बांगलादेशी दुकानांत जातो ते गाव. तिथे ‘शहर सुधारणे’च्या नावाखाली कृष्णवर्णीयांची घरं वेचून पाडली गेली, असा निकाल कीथ यांनी १९७१ मध्ये दिला आणि घरं बांधून द्या म्हणून सांगितलं. चार दशकं उलटली तरी त्या खटल्यातली घरं बांधून होतच होती. अपील न्यायालयात गेल्यावरही कीथ यांनी तो खटला सोडला नाही.

सगळे निकाल टिकले असंही नाही. वीज कंपनीने काळ्या कामगारांना हलक्या कामांवर डांबून ठेवलं म्हणून त्यांनी १९७३ मध्ये चाळीस लाख डॉलरचा दंडात्मक भुर्दंड बसवला होता, तो वरच्या न्यायालयाने काढून टाकला. भेदभाव झाला, हा निष्कर्ष मात्र राहिला.

आता २००२. हे प्रकरण थेट आपलं. ११ सप्टेंबरच्या हल्ल्यानंतर दहाच दिवसांनी इमिग्रेशन न्यायालयांच्या प्रमुखाने आदेश काढला की सरकार ज्यांना ‘विशेष’ म्हणेल त्यांच्या सुनावण्या बंद दाराआड होतील. घरच्यांनाही प्रवेश नाही, पत्रकारांनाही नाही. इतकंच काय, असा खटला आहे हेही सांगायचं नाही. अ‍ॅन आर्बरमध्ये राहणाऱ्या एका लेबनीज माणसाला डिसेंबर २००१ मध्ये पकडलं. कारण काय, तर व्हिसाची मुदत संपली. सुनावणीला त्याचे नातेवाईक, पत्रकार आणि खासदार जॉन कॉन्यर्स आले होते, त्यांना दाराबाहेर थांबवलं गेलं. डेट्रॉइटची वर्तमानपत्रं आणि कॉन्यर्स न्यायालयात गेले. जिल्हा न्यायाधीश नॅन्सी एडमंड्स यांनी दार उघडायला सांगितलं, सरकारने अपील केलं, आणि २६ ऑगस्ट २००२ रोजी कीथ यांनी सहाव्या सर्किटचा निकाल लिहिला. त्यातलं एक वाक्य पुढे जगभर गेलं: ‘बंद दारांआड लोकशाही मरते.’ ऐंशीव्या वर्षी लिहिलेलं. त्या वेळी देशाचं वातावरण कसं होतं ते आपल्यातल्या जुन्या मंडळींना आठवत असेल. दाढी काढून टाका, विमानतळावर मराठीत बोलू नका, असे निरोप घराघरांतून फिरत होते.

त्या लेबनीज माणसाला शेवटी देश सोडावाच लागला, तो लेबनॉनला परत पाठवला गेला. शेजारच्या तिसऱ्या सर्किटने दीडच महिन्याने बरोबर उलटा निकाल दिला आणि सर्वोच्च न्यायालयाने भांडण सोडवायचं टाळलं. म्हणजे न्यू जर्सीतल्या आपल्या नातेवाइकाला लागू होणारा कायदा वेगळा आणि आपल्याला लागू होणारा वेगळा. आपल्या बाजूचा कायदा बरा आहे, याचं श्रेय ज्याला जातं त्याचं नावही आपल्याला ठाऊक नाही.

१९९१ मध्ये, नागरिकांच्या मूलभूत हक्कांच्या सनदेला दोनशे वर्षं झाली तेव्हा, व्हर्जिनियातल्या विल्यम्सबर्गला परिषद होती. कीथ त्या परिषदेला आलेले, सोहळ्याच्या राष्ट्रीय समितीचे अध्यक्ष. हॉटेलबाहेर गाडीची वाट बघत उभे असताना एका गोऱ्याने गाडी आणून उभी केली आणि ‘ए पोरा, गाडी लाव’ म्हणून फर्मावलं. तेव्हा वय एकोणसत्तर, न्यायदानात चोवीस वर्षं झालेली. तीन वर्षांनी, बसमधली जागा गोऱ्याला द्यायला नकार देणाऱ्या रोझा पार्क्स यांना डेट्रॉइटमधल्या त्यांच्या घरात शिरून एका चोराने मारहाण केली, तेव्हा त्यांच्यासाठी नदीकाठी सुरक्षित घर मिळवून देण्याची खटपट कीथ यांनीच केली. स्वतः ते अखेरपर्यंत डेट्रॉइट शहरात राहिले. पगार आणि पद बघता ब्लूमफील्डला बंगला घेणं त्यांना काही जड नव्हतं.

२०१६ मध्ये ओहायोतल्या मतदानाच्या नियमांवरचा खटला आला. मतपत्रिकेच्या पाकिटावर जन्मतारीख किंवा पत्ता लिहिताना बारीकशी चूक झाली तरी मत बाद. बेघर माणसांची मतं त्यात जात होती. दोन न्यायाधीश बहुतांशी सरकारच्या बाजूने गेले. चौऱ्याण्णव वर्षांच्या कीथ यांनी आपलं वेगळं मत लिहिलं आणि त्यात मतदानाच्या आणि समान हक्कांच्या लढ्यात मारल्या गेलेल्या माणसांचे फोटो, नावं आणि त्यांना कसं मारलं ते पानामागून पान छापलं. अपील न्यायालयाचे निकाल म्हणजे तळटिपांचं जंगल. त्यात मध्येच चेहरे येतात, तरुण मुलांचे, बायकांचे, धर्मोपदेशकांचे. काही कायदेपंडितांना ते भावनिक वाटलं. मला वाटतं, आकडे आणि कलमं वाचून वाचून बधिर झालेल्या सहकाऱ्यांना एक म्हातारा आणखी काय दाखवणार होता? पण त्यांचं मत अल्पमतातच राहिलं, हेही मुलांना सांगायला हवं.

कार्यकारिणीत कुणीतरी नक्की म्हणेल, मंडळात राजकारण नको. आपण बरं, आपलं काम बरं. त्यावर माझं उत्तर पॉवेल यांच्याकडे आहे. निक्सन यांनी नेमलेल्या न्यायाधीशानेच निक्सन सरकारविरुद्ध निकाल लिहिला, आणि तोही एकमताने. यात डावं-उजवं शोधायचं तर हौसेने शोधावं. दुसरा कुणी म्हणेल, आधी आपली माणसं मुलांना कळू देत. तर, वक्तृत्व स्पर्धेत शिवाजी महाराज, टिळक, सावित्रीबाई आणि बाबासाहेब असतातच, असायलाच हवेत. एप्रिलमध्ये आंबेडकर जयंतीला मुलं चवदार तळ्यावर पाठ केलेलं बोलतात. पाण्यावरची ती रेषा आणि पाँटियॅकच्या नकाशावरची रेषा एकाच भाषणात आली, तर मला वाटतं बाबासाहेबांना ते अधिक पटलं असतं. बारा वर्षांच्या मुलाला महाड जगाच्या पलीकडे वाटतं. पाँटियॅक त्याच्या घरापासून वीस मिनिटांवर आहे.

आता मागणी. पहिली, मिड-विंटर सुट्टीत आठवीच्या पुढच्या मुलांना लाफायेट बुलेव्हार्डवरच्या थिओडोर लेव्हिन न्यायालयात घेऊन जा. कीथ यांची कचेरी तिथेच होती, आणि आपल्यातल्या काहींनी नागरिकत्वाची शपथही तिथेच घेतली आहे. चालू सुनावणीला कुणीही मागच्या बाकावर जाऊन बसू शकतं, तिकीट नाही, कुणाची ओळख लागत नाही. दारात तपासणी होते, फोनचे नियम कडक आहेत, त्यामुळे मुलांना आधी सांगून ठेवा. तिथून वेन स्टेट विद्यापीठातलं कीथ यांच्या नावाचं नागरी हक्क केंद्र गाडीने थोड्याच अंतरावर आहे. तिथे आधी पत्र पाठवून वेळ घ्यावी लागेल, ते काम मी करतो.

दुसरी, त्या आठवड्यातल्या रविवारच्या शाळेत २००२ च्या निकालातली दोन पानं मुलांनी मराठीत आणावीत. भाषांतर कच्चं झालं तरी चालेल, शिक्षकांनी लाल पेन जरा जपून वापरावा.

तिसरी, व्हिसाच्या प्रश्नोत्तरांना येणाऱ्या वकिलांना या वेळी एक जादा प्रश्न द्या: माझी सुनावणी बंद दाराआड करता येते का, आणि आली तर मी काय करायचं? उत्तर लिहून घ्या आणि मंडळाच्या पत्रिकेत छापा.

खर्च फारसा नाही. दोन व्हॅन लागतील, त्यातली एक माझी. दुपारच्या डब्यांचं आमच्या घरी ठरलं आहे, साबुदाण्याची खिचडी सोडून काहीही मागा. बैठकीची तारीख कळवलीत तर मी स्वतः येऊन बोलेन. पंधरा मिनिटं पुरेत.

कळावे, लोभ असावा ही विनंती.

आपला,
नोव्हायचा एक जुना वर्गणीदार